नव्या स्टाफ नर्ससाठी: वॉर्डात औषधाची चूक कुठे होते आणि ती कशी अडवायची

जीएनएम किंवा बीएस्सी नर्सिंग करून तुम्ही वॉर्डात रुजू होता तेव्हा 'पाच बरोबर' तोंडपाठ असतात: बरोबर रुग्ण, बरोबर औषध, बरोबर डोस, बरोबर मार्ग, बरोबर वेळ. पण रात्री दोन वाजता, वॉर्ड भरलेला असताना आणि दोन नवीन ॲडमिशन दारात उभी असताना हे पाच साधायचे कसे, ते पुस्तकात नसतं. नव्या मुलामुलींना वॉर्डात तयार करणं हे माझं अनेक वर्षांचं काम आहे. त्यांना जे सांगते तेच इथे क्रमानं लिहिते आहे.

आधी एक गोष्ट समजून घ्या. बॉस्टनमधल्या दोन मोठ्या रुग्णालयांतला एक अभ्यास 1995 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात सापडलेल्या चुकांपैकी 39 टक्के डॉक्टरांनी ऑर्डर लिहिताना झाल्या होत्या आणि 38 टक्के नर्सनं औषध देताना. प्रमाण जवळपास सारखंच. पण ऑर्डरमधल्या जवळजवळ निम्म्या चुका रुग्णापर्यंत पोचण्याआधी कुणी ना कुणी पकडल्या. औषध देतानाच्या मात्र जेमतेम 2 टक्के पकडल्या गेल्या. कारण उघड आहे: डॉक्टरांचं लिहिलेलं फार्मासिस्ट बघतो, आपण बघतो, आपण सिरिंजमध्ये भरलेलं बघायला आपल्यामागे कुणी नसतं. म्हणून या लेखातला भर एकाच सवयीवर आहे. काहीतरी खटकलं की हात थांबवायचा, आणि थांबून विचारायला लाजायचं नाही.

रुजू झाल्यावर पहिल्या दिवशी

पहिल्याच दिवशी इन्चार्ज सिस्टरांच्या परवानगीनं औषधांचं कपाट, इमर्जन्सी ट्रॉली आणि फ्रिज उघडून नीट बघा. कुठल्या खणात काय आहे ते वहीत लिहून घ्या. कुठल्या दोन बाटल्या किंवा ॲम्प्युल (फोडायच्या छोट्या कुप्या) दुरून सारख्या दिसतात ते खास बघा. 10 एमएलचं स्टराइल वॉटर आणि 10 एमएलचं पोटॅशियम क्लोराइड शेजारी ठेवलं तर पाणी समजून पोटॅशियम उचललं जाऊ शकतं. तसं शेजारी दिसलं तर इन्चार्जना तिथल्या तिथे सांगा. पोटॅशियम वेगळ्या खणात, लाल लेबल लावून, शक्यतो कुलपात असायला हवं. बऱ्याच ठिकाणी ते वॉर्डात ठेवतच नाहीत, गरज पडेल तसं फार्मसीतून मागवतात. हीच पद्धत उत्तम.

फ्रिजमध्ये इन्सुलिन असतं. आयसीयूत त्याच फ्रिजमध्ये ॲट्राक्युरियम आणि सक्सिनिलकोलीनही असतात. स्नायू शिथिल करणाऱ्या या दोन औषधांनी रुग्णाचा श्वास बंद होतो; त्यांचा डबा वेगळा आणि झाकणाचा हवा.

पोटॅशियम, इन्सुलिन, हेपॅरिन, ॲड्रेनलिन आणि नॉरॲड्रेनलिन, मॉर्फिन आणि फेंटानिल, स्नायू शिथिल करणारी औषधं, केमोथेरपीची औषधं ही 'हाय अलर्ट' यादीतली. ती चुकीची गेली तर सावरायला वेळ मिळत नाही. तुमच्या वॉर्डाची यादी भिंतीवर लावलेली असेल. नसेल तर मागून घ्या.

ऑर्डर वाचताना

औषधाचं नाव सुवाच्य आणि शक्यतो कॅपिटल अक्षरांत, जेनेरिक नावानं लिहावं, असं मेडिकल कौन्सिलनं 2016 मध्येच नियमात घातलं. तरी राउंडच्या घाईत लिहिलेले केस पेपर कसे असतात ते तुम्ही बघालच. वाचता आलं नाही तर अंदाज बांधू नका. 'सिफो… असं काहीतरी आहे, सेफोटॅक्झिमच असणार' हा विचार डोक्यात आला की रेसिडेंटना फोन लावायचा. सेफोटॅक्झिम, सेफ्ट्रियाक्झोन आणि सेफ्टाझिडीम ही तीन वेगळी औषधं आहेत. डोपामिन आणि डोब्युटामिन, कार्बामॅझेपिन आणि कार्बिमाझोल, हायड्रॅलाझिन आणि हायड्रॉक्सिझिन या जोड्याही अशाच फसवतात.

आकडे वाचताना दोन ठिकाणी थांबा. पहिलं, दशांशचिन्ह. 'पॉइंट 5' असं पुढे शून्य न देता लिहिलेलं असेल तर तो ठिपका फिकट शाईत दिसत नाही आणि अर्धा मिलिग्रॅम पाच होतो. मागे शून्य जोडून '5.0' लिहिलं तर उलटा घोटाळा: पाचाचे पन्नास. तुम्ही स्वतः लिहिताना 0.5 आणि 5 असंच लिहा. दुसरं, युनिटसाठीचं इंग्रजी 'यू' हे अक्षर. घाईत ते शून्यासारखं दिसतं आणि 4 युनिट इन्सुलिनचे 40 होतात. 'युनिट' हा शब्द पूर्ण लिहावा आणि पूर्ण लिहून मागावा.

वेळेच्या खुणाही तपासा. मेथोट्रेक्सेट संधिवातासाठी आठवड्यातून एकदाच देतात. चार्टवर ते रोजचं म्हणून उतरलं तर काही दिवसांतच रक्तपेशी कोसळतात आणि रुग्ण जिवाला मुकू शकतो. मेथोट्रेक्सेट दिसलं की 'कुठल्या वारी?' हे विचारून तो वार चार्टवर लिहा.

फोनवरची ऑर्डर फक्त तातडीच्या वेळी घ्यायची, आणि ती घेताना लिहून, लिहिलेलं परत वाचून दाखवायचं: 'सर, इंजेक्शन फ्युरोसेमाइड चाळीस मिलिग्रॅम, चार शून्य, आयव्ही, आत्ता एकदाच. बरोबर?' आकडे सुटे करून म्हणा. गोंगाटात 'फिफ्टीन' आणि 'फिफ्टी' सारखेच ऐकू येतात. हल्ली व्हॉट्सॲपवर ऑर्डर येते. ती दिसली म्हणून द्यायला हरकत नाही असं समजू नका. कुठल्या रुग्णासाठी आहे ते फोन करून पक्कं करा आणि डॉक्टर वॉर्डात आले की केस पेपरवर लिहून सही घ्या.

औषध हातात घेताना

लेबल तीनदा वाचा असं शिकवतात: कपाटातून काढताना, भरताना आणि परत ठेवताना किंवा टाकताना. हे खरोखर करा. बॉक्सचा रंग, ॲम्प्युलचा आकार, खणातली जागा यांवरून औषध ओळखायचं नाही. कंपनी बदलली की रंग बदलतो, आणि इंडेंटचा (वॉर्डानं स्टोअरकडून मागवलेला) माल आल्यावर घाईत भलत्याच खणात लावला जातो.

आपल्याकडे आणखी एक वाट आहे. सरकारी रुग्णालयात स्टॉक संपला की नातेवाईक चिठ्ठी घेऊन बाहेरच्या मेडिकलमधून औषध आणतात. तिथे लिहिलेला ब्रँड नसेल तर दुसरा देतात. बहुतेक वेळा आतलं औषध तेच असतं, पण ताकद वेगळी निघते किंवा जोडीला दुसरं औषध मिसळलेलं असतं. म्हणून पिशवीतून आलेल्या प्रत्येक औषधाचं जेनेरिक नाव, ताकद आणि एक्स्पायरी चार्टशी ताडून बघा. 'मेडिकलवाल्यानं दिलं म्हणजे तेच असेल' हे चालत नाही.

अमेरिकेत नॅशव्हिलच्या एका मोठ्या रुग्णालयात डिसेंबर 2017 मध्ये जे घडलं ते प्रत्येक नव्या नर्सला माहीत असावं. स्कॅनसाठी आलेल्या 75 वर्षांच्या बाईंना घाबरू नये म्हणून मिडाझोलाम द्यायचं होतं. नर्सनं औषधांच्या संगणकी कपाटात ब्रँडनावाची पहिली दोन अक्षरं टाइप केली. कपाटात औषध जेनेरिक नावानं नोंदलेलं होतं, त्यामुळे ते सापडलं नाही. तिनं ओव्हरराइड (कपाटाची अडवणूक बाजूला सारायची सोय) वापरून त्याच अक्षरांनी सुरू होणारं औषध काढलं, ते निघालं व्हेक्युरोनियम, म्हणजे स्नायू शिथिल करून श्वास थांबवणारं औषध. मिडाझोलाम तयार द्रव असतो, व्हेक्युरोनियम पावडर असते. ती पाण्यात विरघळवावी लागली, झाकणावर इशाराही होता. त्या बाईंचा श्वास थांबला आणि त्या गेल्या. नर्सचा परवाना रद्द झाला. 2022 मध्ये न्यायालयानं तिला दोषी ठरवलं आणि तीन वर्षांचं प्रोबेशन दिलं. त्या खटल्यावरून जगभरच्या नर्सेस हळहळल्या, आणि त्या कपाटाची रचनाही सदोष होती हे माझं ठाम मत आहे. तरीही आपल्या हातात जे आहे ते एवढंच: नेहमी द्रव असणारं औषध आज पावडर निघालं, नेहमी एक ॲम्प्युल लागतं तिथे आज पाच फोडावी लागतायत, नेहमीपेक्षा रंग वेगळा आहे, असं काही दिसलं की पुढे जायचं नाही.

डोस भरताना

इथे मी सगळ्यात जास्त वेळ घेते, तुम्हीही घ्या.

इन्सुलिनपासून सुरू करू. आपल्याकडे वॉर्डात सर्रास मिळणारी इन्सुलिनची व्हायल (रबरी बुचाची छोटी बाटली) 1 एमएलमध्ये 40 युनिटची असते. पेनची कार्ट्रिज 100 युनिटची. काही इन्सुलिनच्या व्हायलही 100 च्या येतात. सिरिंजही दोन प्रकारच्या: 40 ची, सहसा लाल टोपीची, आणि 100 ची, सहसा नारिंगी टोपीची. आता ऑर्डर आहे 20 युनिटची. पेनची सुई मिळेना म्हणून कुणी कार्ट्रिजमधूनच 40 च्या सिरिंजनं 20 च्या खुणेपर्यंत इन्सुलिन ओढलं. ते झालं अर्धा एमएल, आणि 100 च्या ताकदीनं त्यात 50 युनिट आले, म्हणजे अडीच पट. उलट 40 च्या व्हायलमधून 100 च्या सिरिंजनं 20 च्या खुणेपर्यंत घेतलं तर जातात फक्त 8 युनिट. डोळ्यांना दोन्ही वेळा खूण 20 चीच दिसते, म्हणूनच ही चूक पकडली जात नाही. नियम असा ठेवा: व्हायलवरचा आकडा आणि सिरिंजवरचा आकडा मोठ्यानं वाचायचा, दोन्ही जुळले तरच सुई टोचायची. कार्ट्रिजमधून सिरिंजनं इन्सुलिन कधीच ओढायचं नाही. आणि साध्या 2 एमएलच्या सिरिंजनं इन्सुलिन मोजायला जाऊ नका.

पोटॅशियम क्लोराइडच्या 10 एमएलच्या ॲम्प्युलमध्ये 20 मिलिइक्विव्हॅलंट (पोटॅशियम मोजायचं एकक) असतात. ते थेट शिरेत कधीही, कुणीही सांगितलं तरी, ढकलायचं नाही; हृदय बंद पडतं. सलाइनमध्ये मिसळताना बाटली स्टँडवर लटकलेली असताना टाकू नका, कारण ते तळाशी साचतं आणि पहिल्या काही मिनिटांत सगळं एकदम जातं. बाटली खाली काढा, पोटॅशियम टाका, आठ-दहा वेळा उलटीसुलटी करा, लेबल लावा, मग चढवा. साध्या वॉर्डात हाताच्या शिरेतून तासाला 10 मिलिइक्विव्हॅलंटपेक्षा जास्त वेग ठेवत नाहीत. ऑर्डर त्यापेक्षा वेगाची वाटली तर विचारा.

हेपॅरिनच्या 5 एमएलच्या दोन व्हायल बाजारात आहेत: एकीत एकूण 5000 युनिट, दुसरीत 25000. 'एक एमएल हेपॅरिन' अशी ऑर्डर आली तर ती ऑर्डरच अपुरी आहे. युनिटमध्ये लिहून मागा.

मुलांच्या वॉर्डात हिशेब आणखी नाजूक. पॅरासिटामॉलच्या ड्रॉप्समध्ये 1 एमएलला 100 मिलिग्रॅम असतं. सिरपमध्ये 5 एमएलला 120 किंवा 250. दहा किलोच्या बाळाला 150 मिलिग्रॅम द्यायचं तर ड्रॉप्स दीड एमएल, 250 च्या सिरपचे 3 एमएल आणि 120 च्या सिरपचे सव्वासहा एमएल. 'सहा एमएल द्या' एवढंच कळलं आणि हातात ड्रॉप्सची बाटली आली तर चौपट डोस जातो. म्हणून मुलांची ऑर्डर मिलिग्रॅममध्ये आणि बाळाचं आजचं वजन चार्टवर, ही दोन्ही नसतील तर औषध भरू नका. आईच्या अंदाजानं सांगितलेलं वजनही चालत नाही, काट्यावर ठेवा.

सलाइनच्या थेंबांचं गणित साधं आहे. 500 एमएल 8 तासांत, सेट 20 थेंबांचा: 500 गुणिले 20, भागिले 480 मिनिटं, म्हणजे मिनिटाला 21 थेंब. सेटच्या पाकिटावर किती थेंबांचा एक एमएल ते छापलेलं असतं. मायक्रोड्रिप, म्हणजे बारीक थेंबांचा सेट, 60 चा असतो. वेगाची गरज औषधानुसार बदलते. व्हॅन्कोमायसिनचा एक ग्रॅम घाईत दिला तर रुग्ण लालबुंद होतो आणि बीपी घसरतं. मिनिटाला 10 मिलिग्रॅमच्या वर जायचं नाही. फेनिटॉइन फक्त नॉर्मल सलाइनमध्ये, डेक्स्ट्रोजमध्ये त्याचे खडे होतात, आणि मिनिटाला 50 मिलिग्रॅमपेक्षा वेगानं नाही.

हाय अलर्ट औषधाचा हिशेब दुसऱ्या नर्सकडून तपासून घ्या. पण 'सिस्टर, हे पाच एमएल बरोबर ना?' असं विचारलं तर समोरची मान हलवणारच. तिला ऑर्डर आणि व्हायल द्या, तुमचं उत्तर सांगू नका. तिनं तिचा हिशेब केला आणि दोन्ही जुळले तर ती तपासणी.

भरलेल्या प्रत्येक सिरिंजवर लगेच लेबल: औषध, डोस, रुग्णाचं नाव, वेळ. ट्रेमध्ये बिनलेबलाची सिरिंज सापडली तर ती तुमचीच असली तरी टाकून द्या. एका वेळी एकाच रुग्णाचं भरून त्याला देऊन या. दहा रुग्णांची इंजेक्शनं एकदम भरून ट्रे घेऊन निघालात की आदलाबदल व्हायला फक्त एक हाक पुरते.

हाक, फोन आणि घंटा

या हाकेबद्दल थोडं. सिडनीतल्या दोन रुग्णालयांत नर्सेसना औषध देताना प्रत्यक्ष बघून केलेला अभ्यास 2010 मध्ये आला. औषध देताना मध्येच येणाऱ्या प्रत्येक व्यत्ययामागे औषधातल्या चुका सुमारे 12 टक्क्यांनी वाढलेल्या आढळल्या. आपल्या वॉर्डात किती व्यत्यय येतात ते सकाळच्या वेळी ट्रॉलीपाशी उभं राहून बघा. तुम्ही ॲम्प्युल फोडलंय. एक नातेवाईक डिस्चार्जचे कागद विचारतो, मामा रिपोर्ट आणून हातात देतात, फोन वाजतो, पलीकडून मावशी सांगतात की बारा नंबरची सलाइन संपली. आणि तुम्ही पुन्हा ट्रेकडे वळता तेव्हा ही सिरिंज पातळ केलेली होती की नव्हती, हे आठवत नाही.

म्हणून औषध भरताना 'दोन मिनिटं, औषध भरतेय' हे वाक्य ठरवून ठेवा आणि ते सगळ्यांना, डॉक्टरांनाही, सारखंच म्हणा. रुग्ण कोसळला असेल तरच धावा. परत आल्यावर मधूनच पुढे सुरू करू नका. लेबल पुन्हा पहिल्यापासून वाचा. शंका राहिली तर भरलेलं टाका आणि नवं भरा. एका ॲम्प्युलच्या नुकसानीबद्दल चांगली इन्चार्ज तुम्हाला कधीच बोलणार नाही.

रुग्णापाशी

खाटेच्या नंबरावरून ओळखू नका. रात्रीत खाटा बदलतात, पंख्याखाली जागा मिळाली म्हणून रुग्ण स्वतःच सरकतात, फ्लोअर बेडला तर नंबरच नसतो. आडनावावरूनही नाही, एका वॉर्डात दोन शिंदे आणि तीन पाटील सहज असतात. 'पाटील आजी ना तुम्ही?' असं विचारलं की ज्यांना नीट ऐकू येत नाही त्या आजी 'हो बाळा' म्हणतात. 'आजी, तुमचं पूर्ण नाव सांगा बरं' असं विचारा आणि उत्तर मनगटावरच्या पट्टीशी, रजिस्ट्रेशन नंबरासकट, जुळवा. बोलू न शकणाऱ्यांच्या बाबतीत पट्टी आणि जवळचा नातेवाईक.

'ॲलर्जी आहे का?' या प्रश्नाला बहुतेक जण नाही म्हणतात. त्याऐवजी असं विचारा: 'कुठलं औषध किंवा इंजेक्शन घेतल्यावर अंगावर पित्त उठलं होतं का? तोंड सुजलं, दम लागला होता का?' पेनिसिलिनचं नाव निघालं तर लक्षात ठेवा की ॲमॉक्सिसिलिन-क्लॅव्हुलॅनेट आणि पिपरासिलिन-टॅझोबॅक्टम हीदेखील त्याच घराण्यातली.

घरून आणलेल्या गोळ्या उशीखाली असतात. आपण वॉर्डातून बीपीची गोळी देतो आणि मुलगा प्रेमानं घरचीही देतो. ॲडमिशनच्या वेळीच सगळी पाकिटं, काढे आणि चूर्णंसुद्धा, बघून केस पेपरवर नोंदवून घ्या.

इन्सुलिन देण्याआधी जेवणाचं विचारा. एकादशी, चतुर्थी, नवरात्र, रोजा: रुग्ण वॉर्डातही उपास धरतात आणि आपल्याला सांगत नाहीत. ताट समोर आलेलं बघूनच जेवणाआधीचं इन्सुलिन द्या. ऑपरेशनसाठी उपाशी ठेवलेल्या रुग्णाचं इन्सुलिन डॉक्टरांना विचारल्याशिवाय नाही.

रुग्ण म्हणाला 'सिस्टर, ही गोळी रोज पांढरी असते', तर ती तक्रार समजून टाळू नका. परत जाऊन चार्ट बघा.

गोळी गिळेपर्यंत थांबा, लॉकरवर ठेवून जाऊ नका. राइल्स ट्यूबमधून (नाकातून पोटात जाणारी नळी) द्यायचं पातळ औषध इंजेक्शनच्या सिरिंजमध्ये भरू नका. ते चुकून शिरेत जातं. तोंडानं द्यायच्या औषधाची सिरिंज वेगळी मिळते, तीच वापरा. सही दिल्यावरच करा. आधी सह्या मारून ठेवलेला चार्ट पुढच्या शिफ्टला फसवतो. आणि दिलं नाही तर का नाही दिलं ते लिहा.

चूक झाली किंवा होता होता वाचली तर

रुग्णाला सोडून जाऊ नका. औषध चालू असेल तर बंद करा, शिरेतली सुई तशीच ठेवा. नाडी, बीपी, श्वास, ऑक्सिजन बघा. इन्सुलिन असेल तर लगेच शुगर. डॉक्टरांना बोलवा आणि नेमकं सांगा: कुठलं औषध, किती, कुठल्या मार्गानं, किती वाजता. रिकामं ॲम्प्युल, व्हायल, सिरिंज टाकू नका, वेगळी ठेवा. इन्चार्जना त्याच शिफ्टमध्ये कळवा. केस पेपरवर घडलं ते वेळेसकट लिहा, खाडाखोड नाही, कुणाला दोष नाही. रुग्णाला आणि नातेवाइकांना काय सांगायचं ते डॉक्टर आणि इन्चार्ज यांच्यासोबत ठरवून सांगा, लपवू नका.

इन्सिडंट फॉर्म भरा, रुग्णाला काही झालं नाही तरीही. पोटॅशियमचं ॲम्प्युल पाण्याच्या खणात सापडलं, एवढ्याचाही फॉर्म भरा. पुढच्या महिन्यात तो खण बदलला जाईल तो अशाच कागदामुळे. जागतिक आरोग्य संघटनेनं 2017 मध्ये औषधांमुळे होणारी टाळता येण्याजोगी गंभीर हानी पाच वर्षांत निम्म्यावर आणायची मोहीम सुरू केली, तेव्हाही हेच सांगितलं की माणसाला झोडपण्यापेक्षा पद्धत सुधारा. काही ठिकाणी मेमोच्या भीतीनं मुली गप्प बसतात. तुमच्या वॉर्डात तसं वातावरण असेल तर ज्येष्ठ सिस्टरला सोबत घेऊन जा, पण कळवा. औषधाची अनपेक्षित रिॲक्शन असेल तर भारताच्या फार्माकोव्हिजिलन्स कार्यक्रमाची टोल फ्री हेल्पलाइन आहे, 1800-180-3024. तिथे नर्सही नोंद करू शकते.

शिफ्ट संपत असेल तर हँडओव्हर खाटेपाशी उभं राहून द्या आणि स्पष्ट शब्दांत द्या: 'साडेसहाला इन्सुलिन 20 ऐवजी 50 युनिट गेलंय, सरांना कळवलंय, दर अर्ध्या तासानं शुगर बघायची आहे, शेवटची 92 होती सव्वासातला, 25 टक्के डेक्स्ट्रोज लॉकरवर काढून ठेवलंय, आजींनी चहा-बिस्किट घेतलंय.' समोरच्या नर्सकडून हे परत वदवून घ्या, पुढची शुगर किती वाजता ते चार्टवर लिहा, आणि मग घरी जा.